मोराचं डोकं, नावेचं पोट

काशीपलीकडच्या रामनगरची रामलीला अनंत चतुर्दशीला सुरू होते आणि पुढे जवळजवळ महिनाभर चालते. पहिल्याच संध्याकाळी दुर्गामंदिराजवळच्या मोठ्या तलावाचा क्षीरसागर होतो. मशाली आणि पेट्रोमॅक्सच्या उजेडात पाण्यावर शेषशायी विष्णूची झांकी दिसते. ध्वनिक्षेपक नसतो, विजेचे दिवे नसतात. पाण्यावर नाग, नागावर देव, आणि काठावर हात जोडून उभी असलेली हजारो माणसं. काही दिवसांनी याच लीलेत दुसरं जलयान येतं, ते रामाला नदीपार नेणाऱ्या केवटाचं, म्हणजे नावाड्याचं. त्या नावेची अडचण तर जगावेगळी आहे. रामाच्या ज्या पायांच्या धुळीने शिळेची स्त्री झाली, ती धूळ आपल्या लाकडी नावेला लागली तर नावेचीही बाई होईल आणि पोट भरायचं साधन जाईल, अशी केवटाला भीती आहे.

काशीचे महाराज उदित नारायण सिंहांच्या काळात, एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ही लीला आजच्या रूपात आली, असं मानतात. युनेस्कोने २००५ साली रामलीलेच्या परंपरेला मानवजातीच्या वारशात स्थान दिलं. लीलेबद्दल पुष्कळ लिहिलं गेलं आहे. पण शेजारच्या काकांना किंवा पोराटोरांना पडणारा साधा प्रश्न बहुधा तसाच राहतो: असली नाव तरंगते कशी? सापाच्या, मोराच्या, घोड्याच्या तोंडाची नाव बनवायची तर सुरुवात कुठून करायची, आणि ती उलटते कधी?

काशीत असल्या नावा फक्त लीलेतच होत्या असं नाही. गंगेवर बजरे होते. बजरा म्हणजे खोल्या असलेली मोठी प्रवासी नाव. बसायची जागा मागच्या भागात आणि वल्हेकरी पुढे. मोरपंखी होत्या, म्हणजे मोराच्या तोंडाच्या लांबट शाही नावा. होळीनंतरच्या मंगळवारी बुढवा मंगलचा जलोत्सव भरायचा, तेव्हा रामनगरचे महाराज आणि शहरातले रईस सजवलेल्या नावांतून गाणं ऐकत गंगेवर रात्र काढत. परंपरा या उत्सवाचं श्रेय अठराव्या शतकातल्या मीर रुस्तम अलींना देते. तेव्हा आपण अशी एक नाव मनातल्या मनात, पायरीपायरीने बांधून बघू. सुतारकाम येत नसलं तरी चालेल.

पहिली पायरी कागदावरची. नावांच्या प्रकारांबद्दल सगळ्यात गमतीदार संस्कृत ग्रंथ म्हणजे धारच्या भोजराजाच्या नावावर असलेला 'युक्तिकल्पतरु'. त्यात नावेच्या तोंडाला कोणकोणती रूपं द्यावीत याची यादी आहे: सिंह, रेडा, नाग, हत्ती, वाघ, पक्षी, बेडूक आणि माणूस. बेडकाच्या तोंडाची राजनौका डोळ्यांसमोर आणून बघा! खोल्यांवरून तीन जाती सांगितल्या आहेत. टोकापासून टोकापर्यंत खोली असेल तर सर्वमंदिरा, मधोमध असेल तर मध्यमंदिरा, पुढच्या अंगाला असेल तर अग्रमंदिरा. रंगही ठरलेले. चार डोलकाठ्यांची नाव पांढरी, तीन काठ्यांची तांबडी, दोन काठ्यांची पिवळी, एका काठीची निळी.

इथेच पहिली चूक होते. ग्रंथातली मापं घेऊन आपण सरळ करवत चालवायला लागतो. 'क्षुद्रा' नावाची सर्वांत लहान नाव १६ हात लांब, ४ हात रुंद आणि ४ हात उंच सांगितली आहे. एक हात म्हणजे साधारण दीड फूट धरला तर २४ फूट लांबी आणि ६ फूट रुंदी होते. ही नाव आजही घाटावर शोभून दिसेल. फक्त तिची ६ फूट उंची जरा जास्त वाटते. यादीच्या दुसऱ्या टोकाला 'मंथरा' आहे: १२० हात लांब, ६० हात रुंद, ६० हात उंच. म्हणजे १८० फूट लांब आणि ९० फूट उंच. ही नाव कमी आणि वीट जास्त. या यादीतल्या भीमा, भया आणि गर्भरा या तीन नावा अशुभ आहेत असंही ग्रंथ सांगतो. शुभाशुभाचं जाऊ द्या, पण पाण्यावर धड न ठरणारी नाव अपशकुनीच म्हणायची, एवढं मला पटतं. समुद्रावरच्या नावेच्या तळाला लोखंड वापरू नये, समुद्रातले चुंबकी खडक तिला ओढून घेतील, असाही इशारा त्यात आहे. म्हणजे ग्रंथकाराचा एक पाय बंदरावर होता आणि दुसरा गोष्टीत.

दुसरी पायरी लाकडाची. त्याच ग्रंथाने लाकडालाही चार वर्ण चिकटवले आहेत. हलकं आणि मऊ ते ब्राह्मण, हलकं आणि कठीण ते क्षत्रिय, जड आणि मऊ ते वैश्य, जड आणि कठीण ते शूद्र. वर्णांची नावं बाजूला ठेवली की खाली सुताराचे दोनच प्रश्न उरतात: लाकूड किती जड, आणि किती कठीण. गंगेकाठच्या नावांना साखू, म्हणजे साल, नावाजलेला. साल बराच जड. एका घनमीटरला ८०० किलोंच्या वर वजन भरतं. साग त्याच्यापेक्षा हलका, साडेसहाशेच्या आसपास. तळाला जड लाकूड चालतं, किंबहुना चांगलंच. वर जाताना मात्र लाकूड हलकं होत गेलं पाहिजे. मोराची मान सालाची कोरली तर ती टिकेल शंभर वर्षं, पण नाव तेवढी टिकणार नाही. मानेला सावरीसारखं हलकं लाकूड घ्यावं किंवा बांबूच्या सांगाड्यावर कापड ताणावं.

तिसरी पायरी पोटाची. पोट म्हणजे नावेचा पाण्यात बसणारा भाग. नाव जेवढं पाणी बाजूला सारते, तेवढ्या पाण्याच्या वजनाइतका भार पाणी उचलून धरतं. याचा हिशेब घरीही करता येतो. पाण्याच्या रेषेवर नावेचं क्षेत्र १० चौरस मीटर असेल, तर दर १०० किलोंना ती साधारण १ सेंटीमीटर खाली बसते. दहा माणसं चढली की ६ ते ७ सेंटीमीटर. हे वाचून वाटेल की मग भीती कसली? भीती नाव किती बुडते याची नसते, ती कलते कशी याची असते.

कलण्याचं गणित रुंदीवर चालतं. लांबी तीच ठेवून रुंदी दुप्पट केली, तर पाण्याच्या रेषेच्या आकारामुळे कलण्याला होणारा विरोध साधारण आठपट होतो. बजऱ्यावर खोल्या बांधता आल्या त्या याच कारणाने: पोट रुंद आणि तळ सपाट. मात्र रुंद नाव पाणी कापत नाही, ढकलत जाते. अठराव्या शतकात ईस्ट इंडिया कंपनी बजऱ्याने कलकत्त्याहून बनारसला यायला ७५ दिवसांची मुदत धरत असे. मोरपंखीचं सगळं उलट. ती लांब, अरुंद आणि चपळ. दोन्ही बाजूंना बसलेली माणसं हातवल्ही एका तालात मारत ती नेत. तिच्यावर दुमजली महाल बांधायचा मोह झाला तर तो लगेच सोडावा.

चौथी पायरी नीरमाची. नीरम म्हणजे नाव स्थिर राहावी म्हणून तळाशी मुद्दाम ठेवलेलं वजन. दगड, वाळूच्या गोण्या, काहीही. रिकामी नाव जास्त डुलते आणि भरलेली संथ जाते, हे आपण पाहिलेलं असतं, पण वजन तळाशी असेल तरच ते खरं. तीच माणसं टपावर चढवली की तोच भार शत्रू होतो. नीरमाचा दगड मोकळा ठेवणं ही नेहमीची चूक. नाव कलली की दगड घरंगळतो, नेमका खालच्या बाजूलाच जातो आणि नावेला आणखी कलवतो. गोण्या फळ्यांमध्ये घट्ट बसवाव्यात.

तळातलं पाणीसुद्धा असंच घरंगळतं, आणि त्याला बांधता येत नाही. ७ मीटर लांब आणि दीड मीटर रुंद तळावर ५ सेंटीमीटर पाणी साचलं तर ते सव्वापाचशे लिटर होतं, म्हणजे अर्धा टनाच्या वर. बोटभर पाणी दिसतं, म्हणून आपण दुर्लक्ष करतो. नावाडी मात्र गप्पा मारता मारता डबड्याने पाणी उपसत असतो. त्याचा हात थांबलेला दिसला आणि तळाशी पाणी असलं, तर संकोच न करता सांगावं.

पाचवी पायरी जोडणीची, आणि मला सगळ्यात आवडणारी. एका नावेवर मांडव मावत नसेल तर दोन नावा शेजारी बांधायच्या आणि वर फळ्या टाकायच्या. बुढवा मंगलला अशाच नावा पाटून, म्हणजे वर फळ्यांची जमीन करून, तिच्यावर गाद्यागिरद्या पडत, झुंबरं लागत आणि गाणाऱ्या बायका बसत. आपल्या कोकणात एकाच होडीला बाजूला लाकूड बांधतात, त्याला उलांडी म्हणतात, तत्त्व तेच. आणि दोन होड्या किंवा भोपळे एकत्र बांधून केलेल्या तराफ्याला मराठीत सांगड म्हणतात. आज आपण कामाची आणि घराची सांगड घालतो, तो शब्द असा पाण्यातून वर आलेला आहे. सांगडीची खुबी अशी की तिला कलायचं तर एक नाव पुरती दाबली जावी लागते आणि दुसरी उचलली जावी लागते. त्यामुळे अंतर जितकं जास्त, तितका आधार मोठा.

सांगडीत बिघडतं ते जोडावर. दोन नावा लाटेवर वेगवेगळ्या वर-खाली होतात, आणि मधली फळी दोन्हीकडे खिळ्यांनी आवळलेली असेल तर खिळे तरी उपटतात किंवा फळी तरी चिरते. म्हणून जोड दोराचा ठेवावा, थोडा दबणारा. दोर ओला झाल्यावर आवळतो की सैलावतो, हे त्याच्या जातीवर आहे. बांधून झालं की दोर भिजवून, तासाभराने गाठी पुन्हा तपासाव्यात.

शेषनागाची शय्या ही खरं तर सांगडीचीच बहीण. तिला वेग नको, दिशा नको. तलावाच्या पाण्याला प्रवाह नसतो. तिला हवं आहे फक्त रुंद, सपाट आणि हलू नये असं बैठकीचं पीठ. विष्णू आडवे पहुडलेले असतात, ही तर नौकाशास्त्राच्या दृष्टीने फारच सोयीची गोष्ट! आडव्या माणसाचं वजन खाली आणि पसरलेलं असतं. अडचण लक्ष्मीची आणि फण्याची. लक्ष्मी एका टोकाला पायाशी बसते, फणा दुसऱ्या टोकाला उंच उभा राहतो. कुठलंही असं दृश्य पाण्यावर मांडायचं असेल तर ही दोन टोकं आधी काठावर, कोरड्या जमिनीवर तोलून घ्यावीत. फळीखाली मधोमध एक गोल ओंडका ठेवला की झालं. ज्या बाजूला फळी टेकते, तिकडचं वजन कमी करायचं.

सहावी पायरी डोक्याची. सगळे इथूनच सुरुवात करतात, म्हणून मी ती मुद्दाम इतकी मागे ठेवली. कोकणी खलाशी नावेच्या पुढच्या टोकाला नाळ म्हणतात. नाळेवर ५० किलोंचं मोराचं डोकं बसवलं, आणि ते नावेच्या मध्यापासून साडेतीन मीटर पुढे असलं, तर पुढचं टोक खाली जातं. तोल परत आणायला मध्यापासून २ मीटर मागे साधारण ८७ किलो ठेवावे लागतात. गुणाकार सोपा आहे: वजन गुणिले अंतर, दोन्ही बाजूंना सारखं. बागेतल्या सी-सॉवर बारीक पोरगं टोकाला आणि जाडं पोरगं मध्याजवळ बसतं, तेच इथे. मात्र मागे ठेवायचं वजन तळाशी ठेवा, छतावर नको.

डोक्याचा दुसरा त्रास वाऱ्याचा. ताशी ४० किलोमीटरचा वारा समोरच्या एका चौरस मीटरवर अंदाजे ९ किलोंचा रेटा देतो. वारा दुप्पट झाला की रेटा चौपट. मोराचा पसरलेला पिसारा ४ चौरस मीटरचा असेल तर आडव्या वाऱ्यात ३५ किलोंचा धक्का, तोही उंचावरून. पिसारा जाळीदार करावा, कापडाला चिरा ठेवाव्यात, आणि वारा वाढला तर मिटता येईल असा बिजागरीवर बसवावा. एकटं डोकं पुढे आणि मागे काहीच नाही, अशी नाव वाऱ्यात सारखी तोंड फिरवते आणि सुकाणूवाल्याचे हात भरून येतात. मागेही थोडं वारा अडवणारं काही असलं की ती सरळ राहते. खऱ्या मोरालाही पिसारा मागेच असतो, हे त्या दृष्टीने ठीकच झालं.

बुढवा मंगलला होळीनंतरचा मुहूर्त का, याचं एक उत्तर इथे मिळतं. फाल्गुन-चैत्रात गंगा उतरलेली असते, पाणी संथ असतं. डोलणाऱ्या बैठकीला आणि झुंबरांना हाच काळ सोसतो. रामलीला मात्र पावसाळ्याच्या शेवटाला येते. वाराणसीत गंगेची धोक्याची पातळी ७१.२६२ मीटर धरली आहे, आणि १९७८ च्या पुरात पाणी ७३.९०१ मीटरपर्यंत चढलं होतं. पाणी चढलं की प्रशासन नावा बंद करतं. अशा दिवसांत क्षीरसागराला नदीपेक्षा तलाव बरा, हे सांगायला शास्त्री लागत नाही.

सातवी पायरी चालवण्याची. चार शब्द तिथले शिकून घ्या, नावाड्याशी बोलताना उपयोगी पडतात. डांड म्हणजे वल्हं. पतवार म्हणजे सुकाणू. लग्गी म्हणजे उथळ पाण्यात तळाला टेकवून नाव ढकलायचा लांब बांबू. आणि गून म्हणजे काठाने चालत नाव ओढायचा दोर. आता बहुतेक नावांना इंजिन आहे, गेल्या काही वर्षांत सीएनजीही आलं, त्यामुळे गून दिसणं दुर्मीळ झालं आहे.

काशीत गंगा उत्तरेकडे वाहते आणि रामनगर शहराच्या वरच्या अंगाला, पलीकडच्या पूर्व काठावर आहे. म्हणून काशीतल्या अस्सी घाटाहून रामनगरला जाणं म्हणजे प्रवाहाविरुद्ध चढण, आणि येताना उतार. नवख्याची चूक ठरलेली: समोर रामनगरचा किल्ला दिसला की नाळ थेट किल्ल्याकडे धरायची. प्रवाह ताशी २ किलोमीटरचा असेल आणि ओलांडायला पाव तास लागला तर आपण अर्धा किलोमीटर खाली वाहून जातो. जाणता नावाडी आधी काठाकाठाने, जिथे ओढ कमी असते तिथून वर चढतो, पुरेसा वर गेला की मगच तिरका सुटतो. आपल्याला वाटतं की हा उगाच लांबून नेतोय. थोडं थांबावं, भाड्यावरून वाद घालू नये.

मोरमुखी नाव असेल तर वळताना आणखी जपायचं. प्रवाहाला आडवी झाल्यावर तिच्या पोटाला पाणी एका बाजूने रेटतं, आणि वरच्या डोक्याला वारा दुसऱ्या बाजूने रेटू शकतो. दोघांनी मिळून तिला पिळलं की ती कलते. म्हणून वळण एका दमात घ्यावं. वळताना कोणी उठू नये, आणि आरती दिसली म्हणून सगळ्यांनी एकाच काठावर धावू नये. पंधरा माणसं मध्यापासून १ मीटर बाजूला सरकली तर ९०० किलोंचं वजन त्या बाजूला गेलं. मोराचं डोकं ५० किलोंचं होतं, आठवतंय ना?

आठवी आणि शेवटची पायरी चढण्या-उतरण्याची. नाव सर्वांत जास्त डुलते ती घाटाला टेकलेली असताना. एक पाय पायरीवर आणि एक नावेत, अशा अवस्थेत नाव मागे सरकते आणि माणूस मधल्या फटीत बसतो. आधी नावाड्याने दोर बांधला की नाही ते बघावं. नावेच्या कडेवर पाय न देता आत, मधोमध द्यावा. एका वेळी एकानेच चढावं, आणि चढल्यावर लगेच बसावं.

चिखलाचे पाय घेऊन चढू नये, हे सांगायला काशीच्या नावाड्याला संकोच वाटत नाही. फळ्या निसरड्या होतात, चिखल तळाशी जातो, पाणी उपसायचं डबडं गाळाने भरतं. केवटाने रामाचे पाय धुतल्याशिवाय नावेत घेतलं नाही. त्यात भक्ती आहे, हुशारी आहे, विनोदही आहे. तरी रामनगरच्या काठावर लीला बघताना मला दर वेळी असं वाटतं, की त्यातला चार आणे भाग निव्वळ धंद्याचा असावा. त्या नावेला मोराचं डोकं नव्हतं, नागाचा फणा नव्हता. चार फळ्या, एक लग्गी, आणि धुतलेल्या पायांची तीन माणसं.